थर्मास

पहिला थर्मास लाल होता, झाकणाला चीर गेलेला,
आईच्या बाळंतपणात घेतलेला.
त्यात चहा कधी नीट गरम राहिला नाही,
पण सदतीस अंशांचं मिठाचं पाणी दोन तास टिकायचं.
मी मोजलं होतं.

पहाटे पाचला, वडाळा नाक्याच्या पुढे,
मुनीरभाई शेळ्यांची अंडाशयं बाजूला काढून ठेवायचे,
पावट्याच्या दाण्याएवढी, जोडीजोडीनं.
"बाई, याचं कालवण होत नाही," म्हणायचे,
आणि पैसे घ्यायचे नाहीत.
थर्मास स्वेटरात गुंडाळून
मी पोटाशी बांधायचे, ओढणीनं, आणि लुना काढायचे.
द्वारकेला एकदा हवालदार म्हणाला,
"कितवा महिना? हळू चालवा."
हळू चालवली.

प्राणिशास्त्राच्या खोलीत मायक्रोस्कोप एकच,
आरसा खिडकीकडे वळवलेला.
ढग आले की संशोधन बंद.
पीएचडीला आठ वर्षं लागली,
त्यातली दोन निव्वळ ढगांची.

पाहुण्यांना विषय काय सांगायचा, अण्णा विचारायचे.
शेळ्या सांगा, मी म्हणायचे.
ते सांगायचे: शेतीखात्यात आहे.

मग गंगापूर रोड, तिसरा मजला, चपला बाहेर.
शेळ्या गेल्या, माणसं आली.
काचेखाली तसा फार फरक नाही;
शेळीचं बीज जरा काळपट, एवढंच.
दोनाचे चार होतात,
मंगलाष्टकांवाचून,
चाराचे आठ, कधी सहावरच थांबतात
आणि का थांबले ते तीस वर्षांत
मला एकदाही कळलेलं नाही.
तसं लिहायला रकाना नसतो.

मोहाडीचे एक बागायतदार आले, थॉमसनची बाग, माल दुबईला.
रिपोर्ट वाचला: शुक्रजंतू शून्य.
"बिनबियांचा माल," म्हणाले, आणि स्वतःच हसले,
मग बराच वेळ पंख्याकडे बघत बसले.
बायकोनं कागद मागून घेतला,
चार घड्या घालून पाकिटात ठेवला.
"सासूबाईंना वाचून दाखवीन."
सहा वर्षं उपास तिनं केले होते.
दाखवला की नाही, माहीत नाही.

सातपूरहून नायट्रोजन यायचा.
टाकीत लाकडी पट्टी बुडवायची, काढून हवेत हलवायची,
जिथवर पांढरं धरेल तिथवर पातळी.
लक्ष्मीपूजनालाही. अण्णा गेले त्या दुपारीसुद्धा.
मला एक मुलगा आहे, निनाद,
नेहमीच्या पद्धतीनं झालेला.
टाकीला जपलंस तेवढं मला नाही, म्हणतो.
असेल.
त्याच्यात बुडवायला पट्टी नव्हती.

गायधनींच्या दोन्ही मुली आता शाळेत जातात.
उरलेले तीन नऊ वर्षं टाकीत,
दर मार्चला भाडं भरून.
यंदा त्यांनी फॉर्मवर खूण केली: नष्ट करावेत.
उठले, पुन्हा बसले.
"मॅडम, रामकुंडात सोडता येतील का?"
मी नियम सांगितला. पिवळी पिशवी.
ती म्हणाली, बरोबर आहे.
तो म्हणाला, सहज विचारलं.

नळी बाहेर काढली की वितळायला
चूळ भरण्याइतकासुद्धा वेळ लागत नाही.
बशीत थेंब. दिवा लावला.
बघायची गरज नव्हती, बघितलं.
एकातल्या पेशी अजून गच्च होत्या, उत्तम दर्जाच्या,
माझा हात सवयीनं
ग्रेड लिहायला वहीकडे गेला.

त्या संध्याकाळी गाडी घराकडे वळली नाही.
दुतोंड्या मारुतीसमोरच्या पायऱ्यांवर बसले.
लाल थर्मास पिशवीत होता, कपाट आवरताना सापडलेला,
पुढल्या महिन्यात मी निवृत्त होते.
तो नदीत विसळला, एकदा, परत एकदा.
आत काही होतं का, ते मी कुणाला सांगणार नाही.

पायरीवरच्या म्हाताऱ्यानं हात पुढे केला:
"चहा उरलाय का, बाई?"
नाही म्हटलं.
यात चहा टिकत नाही.